समास कापू नका : जुनं बालवीर-पुस्तक कसं वाचावं

आधी माझी चूक सांगते, म्हणजे तुमची टळेल.

आजोबांच्या ट्रंकेत 'स्काउटिंग फॉर बॉइज'ची, म्हणजे स्काउटांच्या (आपल्या बालवीरांच्या) मूळ इंग्रजी पुस्तकाची, जुनी प्रत सापडली तेव्हा तिचे फर्मे, म्हणजे शिवलेल्या पानांचे जुडगे, सुटले होते. मी ती उचलली आणि एका बाइंडरला देऊन मोकळी झाले. आठवड्यानं पुस्तक परत आलं ते नवरीसारखं नटून: लाल रेक्झिन, पाठीवर सोनेरी अक्षरं, आणि तिन्ही बाजूंनी मशीनवर सुरेख कापलेल्या कडा. त्या कडांबरोबर आजोबांची टिपणं गेली. पेन्सिलीनं, मोडीत, समासात लिहिलेली. कुठे अर्धी ओळ उरली, कुठे नुसतं शेपूट. राजनिष्ठेच्या नियमाशेजारी 'महारा' एवढंच शिल्लक आहे. पुढचा 'ज' कातरणाच्या ढिगात गेला, आणि त्याच्याही पुढे काय होतं ते आजोबाच जाणोत.

तेव्हा असलं पुस्तक घरात निघालं तर बाइंडरकडे धावू नका. द्यायचंच झालं तर त्याच्यासमोर उभं राहून दोनदा सांगा, "भाऊ, कडा कापायच्या नाहीत." चिकटपट्टी तर लावूच नका, ती पिवळी पडते आणि सोलताना अक्षरं घेऊन निघते. मऊ फडक्यानं धूळ पुसा, जुन्या धुतलेल्या धोतराच्या तुकड्यात गुंडाळा, आडवं ठेवा. एवढं पुरे.

मी शाळेत ३४ वर्षं शिकवलं, त्यातली बरीच वर्षं गाइड कॅप्टन, म्हणजे मुलींच्या स्काउट-पथकाची प्रमुख, होते. निवृत्त झाल्यावर मोडी शिकले, ती या टिपणांसाठीच. पाटीवर आता वडोदरा असलं तरी आमच्या तोंडात बडोदाच, आणि बडोद्यातल्या जुन्या मराठी घरांच्या माळ्यांवर असली पुस्तकं अजून निघतात. घर विकायला काढलं की सगळं पस्तीवाल्याकडे जातं. जाण्याआधी कुणीतरी मला फोन करतं: "ताई, हे नातवाला वाचायला देऊ का?" त्या फोनवर मी जे सांगते ते इथे सविस्तर लिहिते. थोडक्यात उत्तर असं, की द्या, पण आधी तुम्ही वाचा, आणि मुलाचं पुस्तक म्हणून वाचू नका. मोठ्यांच्या भीतीचं पुस्तक म्हणून वाचा.

सुरुवात आवृत्तीपासून. रॉबर्ट बेडन-पॉवेल या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्यानं ऑगस्ट १९०७ मध्ये ब्राउनसी बेटावर वीसेक मुलांचं शिबिर भरवलं, आणि जानेवारी १९०८ पासून हे पुस्तक सहा भागांत, दर पंधरवड्याला एक, चार पेन्सला विकायला आलं. हा तपशील नुसता पाठ करून सोडून देऊ नका. चार पेन्सचं चोपडं मुलगा स्वतःच्या खिशातून घेऊ शकत होता. मास्तर नाही, वडील नाही, संघटनाही अजून नाही. मुलांनी पुस्तक घेतलं आणि आपापल्या टोळ्या करून मोकळे झाले. संघटना त्यांच्या मागून धावत आली. म्हणून हे पुस्तक मुलांवर लादलं गेलं असं कुणी म्हणालं की मी नकारार्थी मान हलवते. मुलांनी ते झडप घालून घेतलं होतं, आणि त्यात त्यांना काय हवंसं वाटलं हेही शोधायचं आहे.

पुढच्या आवृत्त्यांत मजकूर खूप बदलत गेला. तुमच्याकडची प्रत उशिराची असेल तर १९०८ चा मूळ मजकूर शेजारी ठेवा. ऑक्सफर्डनं २००४ मध्ये तो पुन्हा छापला आहे, आणि इंटरनेटवरही मोफत मिळतो. पुस्तकातले स्काउटचे नियम मोजून बघा. १९०८ मध्ये नऊ होते. विचार, शब्द आणि कृती यांत निर्मळ राहण्याचा दहावा मागून आला. तुमच्या पुस्तकात किती आहेत यावरून ते साधारण कुठल्या काळचं आहे याचा अंदाज येतो.

आता वाचायची रीत. मी जुन्या कॅलेंडरचं पान उलटं करते आणि त्यावर तीन रकाने आखते. पहिल्यात लिहायचं, पुस्तक मुलाला काय करायला सांगतंय. दुसऱ्यात, हे सांगताना मोठी माणसं कशाला घाबरली होती. तिसऱ्यात, या पानावर कोण असायला हवं होतं आणि नाही. पहिला रकाना सोपा. दुसऱ्यासाठी थोडा इतिहास लागतो. तिसऱ्याला वेळ लागतो, आणि खरी मजा तिथेच आहे.

एक उदाहरण घेऊ. पुस्तकात एके ठिकाणी फुटबॉलचे सामने बघायला जमलेल्या पोरांचं वर्णन येतं: फिकट, अरुंद छातीची, पोक काढलेली, सिगारेटमागून सिगारेट ओढणारी. पहिल्या रकान्यात लिहा, 'बघत बसू नको, स्वतः खेळ.' दुसऱ्यासाठी मागे जा. १८९९ ते १९०२ च्या दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धात भरतीला आलेली शहरी तरुण पोरं तब्येतीवरून मोठ्या संख्येनं नाकारली गेली. ब्रिटनमध्ये घबराट उडाली, आणि लोकांच्या शरीराचा ऱ्हास होतोय का हे बघायला सरकारनं समिती बसवली. तिचा अहवाल १९०४ चा. बेडन-पॉवेल याच युद्धातल्या माफेकिंगच्या वेढ्यामुळे घराघरांत पोचला होता. २१७ दिवस तो वेढा चालला, आणि गावातल्या पोरांचं एक कॅडेट पथक निरोप पोचवायला वापरलं गेलं. म्हणजे त्याच्या डोळ्यांसमोर दोन मुलगे होते: माफेकिंगचा सायकलवरून निरोप नेणारा, आणि स्टेडियमवर धूर काढणारा. पुस्तकभर तो दुसऱ्याला पहिला करू बघतो. तिसऱ्या रकान्यात मी लिहिलं: 'आठवडाभर कारखान्यात उभं राहून शनिवारी दुपारी सुटलेला पोरगा.' त्याला त्या दुपारी धावायचं होतं की नुसतं उभं राहून ओरडायचं होतं, हे कुणी विचारलेलं नाही.

दुसरं उदाहरण छोटं आणि झोंबणारं. निसर्गाच्या भागात मधमाश्या येतात. आदर्श समाज म्हणून त्यांचं कौतुक आहे, कारण त्या राणीचा मान राखतात आणि आपल्यातल्या बेकारांना मारून टाकतात. एवढंच, गमतीत, जाता जाता. आजोबांनी या वाक्याखाली रेघ मारली आहे, आणि ही रेघ कापण्यातून वाचली. ते स्वतः दोन वर्षं नोकरीशिवाय होते, असं आजी सांगायची. त्या रेघेचा अर्थ मी लावत नाही, पण रेघ दाबून मारलेली आहे, कागदाच्या मागच्या बाजूला बोटाला लागते.

तर हे करा: पानावर बोट फिरवा. पेन्सिल पुसली गेली तरी दाब उरतो. खिडकीशी पान तिरकं धरलं की दिसतो. टॉर्च आडवा धरूनही दिसतो, पण सकाळचं ऊन बरं.

या पुस्तकातली एक गोष्ट मात्र घाईनं वाचू नका. इंग्लंडच्या उत्तरेला एल्स्डन नावाचं गाव आहे. तिथे १७९१ मध्ये एका म्हातारीचा खून झाला. रॉबर्ट हिंडमार्श नावाच्या मेंढपाळ पोरानं रानात एक फिरस्ता बसून खाताना पाहिला होता. आपण बघतोय हे त्या माणसाला कळू न देता पोरानं त्याचा चेहरा टिपला, आणि पाय पसरले होते म्हणून बुटाच्या तळव्याचे खिळे कसे ठोकलेत तेही टिपलं. पुढे खुनाच्या जागी तसेच ठसे निघाले. पोरानं सांगितलं, माणूस पकडला गेला, फासावर गेला.

स्काउटनं कसं बघावं हे शिकवायला ही गोष्ट आहे, आणि शिकवण म्हणून ती फक्कड आहे. पण शेवट बघा. लटकलेलं प्रेत बघून पोरगा कोसळतो. आपण एका माणसाचा जीव घेतला, असं त्याला वाटतं. मग न्यायाधीश त्याला बोलावतो, शाबासकी देतो: तू समाजाचं भलं केलंस, कर्तव्य करताना त्रास झाला तरी करायचंच असतं. गोष्ट पुढे सरकते. या शाबासकीवर मी शाळेत कितीदा तरी थांबले आहे. मुलग्याला रडू येतं हे पुस्तकाला ठाऊक आहे. ते लपवत नाही. फक्त त्या रडण्याचं काय करायचं हे मोठा माणूस येऊन ठरवतो, आणि तेही दोन वाक्यांत. १९०८ नंतर कितीतरी मुलग्यांनी हा प्रसंग दहा-अकराव्या वर्षी वाचला असेल.

हा भाग मुलाला मोठ्यानं वाचून दाखवा आणि गप्प बसा. प्रश्न तुम्ही विचारू नका. माझा नातू बराच वेळ पायाचं बोट खाजवत बसला आणि म्हणाला, "मग त्या रात्री तो झोपला का?" तिसऱ्या रकान्यात मी तेच लिहिलं.

नियमांकडे वळू. मूळ दुसरा नियम निष्ठेचा: राजाशी, त्याच्या अधिकाऱ्यांशी, देशाशी आणि आपल्या मालकाशी. मालकाशी! मुलगा कारखान्यात लागायच्या आधीच त्याला संपात न जाण्याची सवय लावून ठेवायची. दुसरा रकाना आपोआप भरतो. पण याच नियमाशी आजोबांचा तो कापलेला 'महारा' आहे, आणि तिथे बडोद्याची गोष्ट सुरू होते. बडोद्याच्या शाळेतल्या मास्तरनं 'राजा' शब्द शिकवताना कोणता राजा सांगायचा? लंडनचा की राजवाड्यातला? आमच्या सयाजीराव महाराजांनी १९११ च्या दिल्ली दरबारात पंचम जॉर्जसमोर रीतसर मुजरे न करता एकदाच लवून पाठ फिरवली म्हणून केवढा गहजब झाला होता. तेव्हा त्या समासात नुसतं 'महाराज' होतं, 'महाराज?' होतं, की 'महाराजांस विचारावे' होतं, यात जमीनअस्मानाचा फरक आहे. कात्रीनं नेमकं तेच नेलं. बाइंडरवर मी अजून चिडलेली आहे, आणि स्वतःवरही.

आठवा नियम गमतीदार आहे. स्काउट कुठल्याही प्रसंगी हसतो आणि शीळ घालतो. आणि कुणी शिवी दिली तर शिक्षा अशी, की इतरांनी त्याच्या बाहीत मगभर गार पाणी ओतायचं. मी हे दादाला, माझ्या थोरल्या भावाला, वाचून दाखवलं. तो १९६० च्या दशकात स्काउट होता. म्हणाला, "बडोद्यात मे महिन्यात? ही शिक्षा कुठली, बक्षीसच की!" शिळेची अडचण निराळी. आपल्या घरांत शीळ वाजवणारा पोरगा म्हणजे वाया गेलेला. आजीसमोर दादानं एकदा घातली होती, तर दोन दिवस ती त्याच्याशी धड बोलली नाही. आजोबांनी या नियमाजवळ दोनच शब्द लिहिले, आणि ते आतल्या समासात, शिवणीकडे असल्यामुळे पूर्ण वाचले: 'घरी नको.'

हे दोन शब्द मला पुस्तकाइतके मोलाचे वाटतात. नियम तिकडून आला, घर इथलं होतं, आणि मधल्या माणसानं पेन्सिलीनं तडजोड केली. मुलाला बाहेर एक मुलगा व्हायचं आणि उंबऱ्याच्या आत दुसरा. तुमच्या प्रतीत असं काही लिहिलेलं असेल तर ते आधी वाचा, छापील मजकूर मग.

रोज एक सत्कृत्य करायचं, आणि विसरू नये म्हणून सकाळी रुमालाला किंवा गळपट्ट्याला एक जादा गाठ मारायची, ही युक्तीही त्यात आहे. ती वाचून आजी म्हणाली होती, असं आई सांगायची, "यात नवीन काय? पदराला गाठ मी रोज मारते." बायका शतकानुशतकं जे पदरानं करत होत्या ते पोराच्या गळ्यात बांधलं की त्याला शिस्त म्हणायचं! असो.

वाचून झालं की पुस्तकातलं एखादं काम हातानं करून बघा. नुसतं वाचलं तर तुम्हाला साम्राज्यच दिसेल. मुलांनी झडप का घातली ते केल्याशिवाय कळत नाही. सगळ्यात सोपा किमचा खेळ. वीस-पंचवीस वस्तू ताटात मांडायच्या, मिनिटभर दाखवायच्या, झाकायच्या, आणि आठवतील तेवढ्या लिहायला लावायच्या. मी स्टीलचं परातीएवढं ताट घेतलं. त्यात अडकित्ता, सेफ्टी पिन, बटण, जायफळ, कुलपाची किल्ली, सिमकार्ड, चिंचोका, रुपयाची दोन नाणी, एक तुटलेला खडू, वातीचा कापूस, आजोबांच्या चष्म्याची दांडी, असं करत चोवीस जिन्नस. दोन सूचना अनुभवाच्या. सारख्या दिसणाऱ्या दोन वस्तू मुद्दाम ठेवा, आणि एखादी अशी ठेवा जिचं नाव मुलाला ठाऊक नाही. नातवाला अडकित्ता आठवत होता पण नाव येईना, तर त्यानं कागदावर त्याचं चित्र काढलं, तेही उघड्या पात्याचं. त्याला चौदा आठवल्या. खालच्या मजल्यावरची त्याच्याच वर्गातली मुलगी एकोणीसवर थांबली आणि वर म्हणाली की नाण्यांपैकी एक उलटं ठेवलं होतं. नातू फुरंगटला, मग म्हणाला, परत. सहा वेळा परत. जेवणाची वेळ टळली.

आता हा खेळ कुठून आला ते बघा. किपलिंगच्या १९०१ च्या 'किम' कादंबरीतून. त्यात सिमल्याच्या लर्गन साहेबाच्या दुकानात किमला, हिंदुस्थानात वाढलेल्या एका गोऱ्या पोराला, रत्नं दाखवून हा खेळ खेळायला लावतात, हेरगिरीच्या तयारीसाठी. आणि तिथे जिंकतो तो लर्गनकडचा हिंदू पोरगा. किम हरतो, पुन्हा पुन्हा हरतो. खेळाला नाव मात्र हरणाऱ्याचं. जगभर लाखो मुलांनी तो 'किम्स गेम' म्हणून खेळला. हे मी खालच्या मजल्यावरच्या मुलीला सांगितलं तेव्हा तिनं नातवाकडे ज्या नजरेनं पाहिलं ती लिहून दाखवता येत नाही.

माग काढण्याचा सराव आम्ही कमाटीबागेत केला आणि साफ फसलो. जिकडेतिकडे फरशा. एका झाडाच्या आळ्यात ओली माती सापडली, तिथे चार चपलांचे ठसे आणि एका कुत्र्याचे. तुम्ही करणार असाल तर पावसाची सर येऊन गेल्यावर मोकळ्या मैदानात जा. विश्वामित्रीच्या काठी नको. तिथे मगरी आहेत, आणि मगरीचा माग काढायचं कुठल्याच पुस्तकात सांगितलेलं नाही.

आता भाषांतराकडे या. आजोबांच्या पिढीत स्काउटला मराठीत 'बालवीर' म्हणायला लागले. इंग्रजी शब्दाचा साधा अर्थ टेहळ्या, पुढे जाऊन बघून येणारा. आपल्याकडे त्याला शब्द नव्हता असं नाही. बहिर्जी नाईकांच्या गोष्टी ऐकत वाढलेली माणसं आपण, 'हेर' म्हणता आलं असतं. पण चोरून बघणारा मुलगा कुणाला हवा होता? हवा होता वीर. एका शब्दानं मुलाचं काम बदललं: तिकडच्यानं बघायचं, इकडच्यानं लढायचं. आणि मुलींना 'वीरबाला'. हे दोन समास शेजारी लिहा. बालवीर हा वीर आहे, वयानं लहान. वीरबाला ही बाला आहे, जराशी वीर. मी व्याकरण शिकवायची, त्यामुळे हे मला जरा लवकर दिसलं.

मुलींचा विषय निघालाच आहे तर. १९०९ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसला स्काउटांचा मेळावा भरला तिथे मुली न बोलावता येऊन उभ्या राहिल्या, आम्हीही स्काउट म्हणून. दुसऱ्या वर्षी त्यांच्यासाठी गर्ल गाइड्स निघालं. मुलांच्या टोळ्यांना प्राण्यांची नावं, मुलींच्या टोळ्यांना फुलांची. आमच्या शाळेतही तेच: दादा चित्ता टोळीत, मी मोगऱ्यात. दादाची टोळी काठ्या आणि दोर घेऊन नाल्यावर पूल बांधायची. आम्हाला सांगितलं होतं की दोर कमी आहेत, तुम्ही मलमपट्टी करा. दोर कपाटात होते, मी पाहिले होते. कॅप्टन झाल्यावर पहिलं काम मी काय केलं असेल ते ओळखा. तर पुस्तक चाळताना चित्रं बघा: मुलगी आहे का, असली तर काय करतेय, वाचवतेय की तिला कुणी वाचवतंय. मोजायला दहा मिनिटं लागतात.

मग शेजारी दुसरा मुलगा ठेवा. बडोद्यात तो सहज मिळतो. दांडिया बाजारच्या जुम्मादादा व्यायाममंदिरात माणिकरावांनी पिढ्या घडवल्या. मोडलेली हाडं बसवण्यात त्यांचा हातखंडा होता आणि कवायतीचे हुकूम त्यांनी देशी भाषेत आणले. याच गावातून दत्तात्रय चिंतामण मुजुमदारांनी संपादित केलेला मराठी 'व्यायाम ज्ञानकोश' दहा खंडांत निघाला. त्याचा पहिला खंड १९३६ चा. मोठ्या ग्रंथालयात मागा, मलखांबाची किंवा जोरांची पानं उघडा, आणि तेच तीन रकाने आखा. भीती इथेही आहे, पण वेगळी: आपण गुलाम झालो कारण आपण दुबळे झालो. तिकडचा मुलगा डोळ्यांपासून घडवलेला, इकडचा खांद्यांपासून. तिकडे रान, इकडे आखाड्याची लाल माती आणि कोपऱ्यात मारुती. ब्रह्मचर्याचा धडा मात्र दोन्हीकडे आहे. बेडन-पॉवेलनं त्यावर जे उघड लिहिलं होतं ते छापण्याआधी सौम्य करण्यात आलं. आपल्याकडच्या पुस्तकांनी तेवढा संकोच केला नाही. या पानांवर बहुधा कुणाचीच टिपणं नसतात.

हिंदुस्थानात स्काउटिंग १९०९ मध्ये आलं तेव्हा ते फक्त युरोपियन आणि अँग्लो-इंडियन मुलांसाठी होतं. किमच्या देशात किमच्या मित्रांना प्रवेश नाही. मग हिंदी मुलांसाठी वेगळी पथकं निघाली: मद्रासकडे ॲनी बेझंट यांची, अलाहाबादला मालवीय, कुंझरू आणि बाजपेयी यांची. सगळी एकत्र येऊन भारत स्काउट्स व्हायला ७ नोव्हेंबर १९५० उजाडलं. तुमच्याकडे या मधल्या काळातली पुस्तिका असेल तर तिच्यातली प्रतिज्ञा काढा आणि 'राजा' जिथे होता तिथे कोण आलं ते बघा. दादाच्या वेळी तिथे 'देश' होता. वाक्य तेच, एक नाम बदललेलं.

शेवटचं काम माणसांचं, आणि ते लवकर करा, माणसं थांबत नाहीत. ओळखीत म्हातारा स्काउट असेल तर त्याच्याशी बोला. 'काय शिकलात?' विचारू नका. 'शिस्त' असं उत्तर येतं आणि बोलणं संपतं. विचारा, शिक्षा काय होती. कँपात भांडी कोणी घासली. सगळ्यांची पंगत एक होती का, पाणी एकाच घागरीतलं होतं का. खरी कमाईच्या आठवड्यात, म्हणजे घरोघरी छोटी कामं करून पैसे मिळवायचे तेव्हा, कोणाच्या दारात गेलात आणि कोणाच्या दारात जायला घरच्यांनी मना केलं. कोण रडलं. आणि बोलता बोलता हातात दोरी द्या.

दादाशी मी हे गेल्या दिवाळीत केलं. तो ७६ वर्षांचा आहे, हात थोडे थरथरतात, सकाळची गोळी घेतली का ते आठवत नाही. जवळ दोरी नव्हती म्हणून पायजम्यातली काढलेली नाडी दिली आणि म्हटलं, बोलाइनची गाठ मार. म्हणाला, विसरलो. मग नाडी डाव्या हातात धरली, एक वेढा केला, टोक त्यातून वर काढलं, मागून फिरवलं, परत आत घातलं आणि ओढलं. एका दमात. बोटं थरथरली नाहीत. नंतर त्या फासाकडे बघत म्हणाला, "नाल्यावर पूल बांधला ना आम्ही, तेव्हा मी मधेच घाबरलो होतो. खाली पाणी होतं. सगळे शीळ घालत होते म्हणून मीही घातली."

मी विचारलं, सांगितलंस का कुणाला?

"कुणाला सांगणार," म्हणाला, आणि नाडी सोडवत बसला. ती गाठ बसली की सोडवायला वेळ लागत नाही, पण त्यानं लावला.